उताराने वाहणारा आवाज

एका राज्यात आवाज पाण्यासारखा उताराने वाहत असे. वरच्याचं बोलणं खालच्याच्या कानी पडे. खालच्याचं बोलणं वरच्याला कधीच ऐकू येत नसे. म्हणून तिथल्या आया लेकरांना उखळावर उभं करत आणि आपण भुईवर बसून त्यांचे बोबडे बोल ऐकत.

पूर्वी असं नव्हतं. तिथल्या मल्हण राजाच्या आजोबांना प्रजेची गाऱ्हाणी ऐकून ऐकून वीट आला. त्यांनी कालघोष नावाच्या मांत्रिकाला बोलावलं. म्हणाले, "खालची कुरकुर वर येऊ नये, एवढं कर." मांत्रिकाने तेवढं केलं. आजोबा सुखाने झोपले. राज्याला मात्र तो शाप होऊन बसला.

मल्हण उंच गडावर, उंच सिंहासनावर वाढला. मनाने दुष्ट नव्हता. जग शांत आहे, म्हणजे सुखी आहे, असं त्याला खरोखरच वाटे. राणी पद्मला त्याच्या खांद्याला जेमतेम लागे. ती बोले, तो हसून मान डोलवी, आणि तिचे शब्द पदरावरून घसरून फरशीवर जात. एक सहा वर्षांची इंदुला तेवढी बापाच्या खांद्यावर चढून बसे आणि दिवसभर बडबडे. मल्हणाने आयुष्यात मन लावून ऐकलं ते तेवढंच.

एके सकाळी फुलपाखरामागे धावता धावता इंदुला तटाबाहेरच्या कड्यावरून घसरली. शिपाई कड्याच्या काठाने धावले, हाका मारमारून दमले. त्यांच्या हाका खाली गेल्या. खालून काहीच आलं नाही.

मल्हण कड्याशी गुडघे टेकून बसला होता. तेवढ्यात एक भारद्वाज उडत आला, त्याच्या तोंडासमोरच्या फांदीवर बसला आणि बोलला, "राजा, लेक जिवंत आहे. नाददरीत, कड्यातल्या उंबराच्या बेचक्यात अडकली आहे. तुला हाका मारते आहे."

"मला ऐकू का येत नाही?"

"तू वर आहेस म्हणून."

"दोर सोडतो."

"कडा पोटात वळलेला आहे. दोर पोचणार नाही. दरीच्या तळातून जा. वाटेत आवाजांचे तीन डोह आहेत. साठ वर्षांचं बोलणं तिथे साचलं आहे. प्रत्येक डोह तुला एक बोल ऐकवील. पुरता ऐकलास तर वाट देईल. कान झाकलेस तर वर फेकून देईल."

राजाने मुकुट दगडावर ठेवला, जोडे काढले आणि उतरू लागला.

पहिला डोह धुक्यासारखा करडा होता. त्यात शिरताच एका बाईचा आवाज कानाशी आला. "महाराज, नदीवरचा पूल पुरात गेला. सात वर्षं झाली. माझी लेक पैलतीरी दिली आहे. तिची मुलं कशी दिसतात ते मला ठाऊक नाही." राजाला वाटलं, लवकर पुढे जावं, पोर लटकते आहे. तरी तो थांबला. बाई सात वर्षं सांगत होती. त्याने सात वर्षांचं ऐकलं. डोह दुभंगला.

दुसरा डोह काळा होता. त्यातून एक पुरुष म्हणाला, "तो मी नव्हे, महाराज. हार मी चोरला नाही." राजाने तो आवाज कधी ऐकला नव्हता, पण माणूस ओळखला. त्यानेच त्याला तळघरात टाकलं होतं. त्या दिवशी आरोपीचे ओठ हलताना त्याने पाहिले होते. राजाचे हात कानांकडे गेले. मग त्याने ते छातीशी घट्ट आवळले आणि शेवटच्या हुंदक्यापर्यंत उभा राहिला.

तिसरा डोह नितळ होता. राजा धीर एकवटून आत शिरला, आणि पद्मलेचा आवाज आला. "आज दमलेले दिसता." "डाव्या पायाने जरा लंगडता आहात, ठेच लागली का?" "मला भीती वाटते. जरा वेळ बसा ना." दहा वर्षांचं असं लहानसहान बोलणं. त्यात एकही गाऱ्हाणं नव्हतं. राजा मटकन खाली बसला आणि लहान मुलासारखा रडला. ऐकणं मात्र त्याने सोडलं नाही.

डोह सरला. तळ लागला. आणि मग डोक्यावरून, अगदी स्वच्छ, हाक उतरली.

"बाबा! मी इथे आहे! माझे हात दुखताहेत!"

"सोड हात, इंदू. मी खाली आहे."

त्याचे शब्द तिच्यापर्यंत चढले नाहीत, पण त्याचे पसरलेले हात तिला दिसले. तिने हात सोडले. त्याने तिला वरचेवर झेललं.

तळाशी एका शिळेला टेकून म्हातारा कालघोष उभा होता. म्हणाला, "साठ वर्षांत तुझ्या घराण्यातलं कुणी इथवर आलं नाही. शाप मोडणं तुझ्या हाती आहे. पण मग खालचं सगळं वर येईल. रडणं, भांडणं, शिव्यासुद्धा. गडावर पुन्हा शांतता नांदणार नाही."

"न नांदो," राजा म्हणाला.

"मग भुईला कान लाव आणि 'ऐकतो' म्हण."

राजा लेकीला कुशीत घेऊन आडवा झाला, भुईला कान लावला आणि म्हणाला, "ऐकतो."

दरी थरारली. तिन्ही डोह उसळले. साठ वर्षांचे आवाज पाखरांच्या थव्यासारखे कडा चढून गेले. राज्यभर बायकापुरुष हातातलं काम टाकून उभे राहिले; कुणी हसलं, कुणी मेलेल्या बापाची हाक ऐकून दारात आलं. कालघोषाने समाधानाने डोळे मिटले आणि तो धुक्यात धुकं होऊन गेला.

राजा गड चढू लागला. पहिल्या चौकीवर त्याने तळघराची किल्ली मागवली, दुसरीवर पुलासाठी गवंडी बोलावले. तिसरीवर पद्मला धावत आली. तिने लेकीला उराशी धरलं. राजा तिचं बोलणं ऐकायला मान लववून उभा राहिला.

तेवढ्यात गर्दीतून, खूप खालच्या पायरीवरून, एका म्हातारीचा आवाज वर आला. "अहो महाराज, अनवाणी आहात. टाचेत काटा मोडलाय तुमच्या. रक्त येतंय."

सगळे चपापले. राजाने वळून पाहिलं. मग तो त्या पायरीपर्यंत उतरला, दगडावर बसला आणि पाय पुढे केला.

"काढता का, आजी?"

"हलू नका मग," म्हातारी म्हणाली.

राजा हलला नाही. त्या राजाला जसं ऐकू आलं, तसं तुम्हाआम्हालाही येवो.