थोपवलेली दुपार

“म्हणजे काळ कुणाला धरता येत नाही, असं तुम्ही अजूनही म्हणणार, महाराज?”

टेकडीवरच्या मठीच्या ओट्यावर निर्मळनाथ मेथी निवडत बसले होते. विचारणारा होता सुमंत. लहानपणी याच ओट्यावर त्यांच्याकडून पाढे नि भजनं शिकलेला. पुढे शहरात मोठा शास्त्रज्ञ झालेला.

“मी कधी म्हणालो होतो?”

“मी गाव सोडलं तेव्हा.”

“म्हणालो असेन... मग? तू धरलास?”

“धरला.”

सुमंतनं सांगितलं. प्रयोगशाळेत त्यानं एक स्फटिक वाढवला होता, आवळ्याएवढा. घरातल्या एका खोलीच्या दाराबाहेर, कोनाड्यातल्या चांदीच्या बैठकीवर तो ठेवला की आतला काळ स्थिर होई. उचलला की पुन्हा वाहू लागे.

“आत कोण आहे?”

“तात्या.”

नाथांच्या हातातली मेथीची काडी तशीच राहिली. तात्या म्हणजे सुमंतचे वडील. नाथांचा बाळपणापासूनचा सोबती.

“तात्या... आहे अजून?”

“दहा-अकरा वर्षं झाली. डॉक्टर म्हणाले होते, संध्याकाळ काढणार नाहीत. मी ती दुपारच थोपवली. कुशीवर वळता वळता थांबलेत. ओठ उघडे आहेत, मला काहीतरी सांगत होते. मी रोज काचेतून बघतो.”

“मला वाटलं, गेला असेल. कुणी काही कळवलं नाही, म्हणून मीही विचारलं नाही...”

नाथांनी हातातली काडी खाली ठेवली.

“काय सांगत होता तुला?”

“ठाऊक नाही.”

“विचारलं नाहीस?”

“स्फटिक उचलावा लागेल, महाराज. मग ती दुपार संपेल.”

“मग राखलीस कुणासाठी?”

सुमंतनं मान खाली घातली. आल्यापासूनचा त्याचा ताठा एकाएकी उतरला.

“मला जमणार नाही, महाराज... त्यांच्याशिवाय.”

नाथांनी मेथी बाजूला सारली. घोंगडी खांद्यावर टाकली, काठी घेतली.

“चल. मला भेटायचंय त्याला.”

कित्येक वर्षांनी ते टेकडी उतरले.

दुपारी शहरात सुमंतच्या घरी पोचल्यावर नाथ दाराच्या काचेला नाक लावून उभे राहिले. आत उन्हाची तिरीप भिंतीवर चिकटून बसली होती. निळ्या काठाची चादर छातीपर्यंत ओढून तात्या पडले होते.

“किती तरुण दिसतोय रे हा,” नाथ म्हणाले. “आम्ही एका वयाचे.”

कोनाड्याकडे त्यांनी पाहिलंही नाही. उंबऱ्याशी बसले. मग आपला सुरकुतलेला हात त्यांनी सुमंतपुढे धरला.

“हा त्याच्या हातात द्यायचाय. तो थांबलाय... मी थांबलेलो नाही.”

सुमंत त्या हाताकडे पाहत राहिला. मग उठला आणि त्यानं स्फटिक उचलला.

आत चादर हलली. तात्यांनी कूस पुरी बदलली.

“...खिडकी उघड रे. कोंडल्यासारखं होतंय.”

एवढंच होतं ते. सुमंतला हसू आलं आणि हसता हसता त्याचे डोळे भरले. त्यानं खिडकी उघडली.

तात्या त्याच्याकडे बघत राहिले. “तुझे केस कधी पिकले?”

“पिकले, तात्या.”

“आणि हा कोण म्हातारा?”

नाथ नुसते जवळ गेले.

तात्यांनी डोळे बारीक केले. “...दगड्या?”

नाथांना त्या नावानं हाक मारणारं दुसरं कुणी उरलं नव्हतं. कफनी सावरून ते पोरासारखे पलंगावर चढून बसले आणि मित्राचा हात त्यांनी मांडीवर घेतला.

मग दोघं बोलत राहिले. देवळामागची कवठं, आणि ती पाडताना खाल्लेल्या गुरवाच्या शिव्या. शाळेला जाताना, उथळ पाण्यातून नदी ओलांडताना डोक्यावर धरलेल्या पाट्या. दगड्याची वाहून गेली, तेव्हा तात्यांनी आपलीही सोडून दिली होती, त्याला एकट्याला मार खावा लागू नये म्हणून.

“आणि वहिनी आली तेव्हा?” नाथ म्हणाले. “बैलगाडीत. मांडीवर पोपटाचा पिंजरा.”

“सबंध वाट माझ्याशी बोलली नाही,” तात्या म्हणाले. “पोपटाशीच बोलत होती.”

आईची ही गोष्ट सुमंतनं कधी ऐकली नव्हती. त्यानं चहा केला. तात्यांनी बशीत ओतून, फुंकर मारून दोन घोट घेतले. उन्हाची तिरीप भिंतीवरून वर सरकली, तांबूस झाली, छतापाशी विरली.

“तो पोपट पुढे...” तात्या म्हणाले. एक हात नाथांच्या हातात होता, दुसरा सुमंतच्या.

पुढचं त्यांनी सांगितलं नाही.

नाथांनी मित्राचे डोळे मिटले. त्यांचा तळवा बराच वेळ त्या कपाळावर राहिला.

“रोज काचेतून पाहत होतो,” सुमंत म्हणाला. “पण आवाज विसरलो होतो त्यांचा...”

नाथांनी निळ्या काठाची चादर सारखी केली.

“आता मी काय करू, महाराज?”

नाथांनी बाहेर पाहिलं.

“तिन्हीसांज झाली. दिवा लाव... घरातलं मोठं माणूस आता तू.”