रिता महिना

फार पूर्वी एका रानात महिन्यांना फळांची नावे होती. फक्त बोरांच्या महिन्यानंतर रिता महिना येई. तेव्हा झाडांवर काहीच नसे, म्हणून ज्यांना घराबाहेर पडता येत नाही त्यांना प्रत्येकाने आपल्यातले थोडे द्यायचे, अशी रीत होती.

एका वर्षी रानाचा कारभार माकडरावांकडे आला. "हा दळभद्री महिना हवाच कशाला?" ते म्हणाले. "काढून टाका! बोरांनंतर थेट आंब्यांचा महिना." सगळ्यांनी आनंदाने उड्या मारल्या.

तेव्हा धनेश पक्ष्याची बायको पिल्लांसह झाडाच्या ढोलीत होती. पिल्लांच्या रक्षणासाठी ढोलीचे तोंड लिंपलेले होते, फक्त चोचीपुरती फट होती. धनेश घरोघर फिरला आणि रिकाम्या चोचीने परतला.

"अगं, सगळे म्हणतात, आंब्यांच्या महिन्यात कसलं मागतोस?"

आत पिल्ले भुकेने ओरडत होती. "असं होय?" फटीतून आवाज आला. "मग माकडरावांकडून एक आंबा घेऊन या. पिकलेलाच हवा असं नाही, कैरीही चालेल."

धनेशने भर सभेत निरोप जसाच्या तसा सांगितला. माकडरावांनी ऐटीत आंब्याच्या झाडाकडे पाहिले. झाडावर नुसता मोहोर होता.

"येतील की!" ते पुटपुटले.

"पिल्लांना तसंच सांगू का?" धनेशने विचारले.

माकडराव खाली उतरले. गालात दडवलेली दोन बोरे त्यांनी काढली आणि धनेशच्या चोचीत ठेवली.

त्या वर्षी रिता महिना थोडा उशिरा सुरू झाला.