पांढऱ्या भाताचे गाव

ही गोष्ट मी सांगायची नाही, असे मला बजावले आहे. पण ऐकल्यापासून ती मनातून जात नाही, म्हणून हळू आवाजात सांगते. लहान असा की मोठे, जरा जवळ सरकून बसा.

फार फार वर्षांपूर्वी, कोणत्या राजाचे राज्य होते तेही आता कुणाला आठवत नाही, दोन नद्यांच्या मधोमध एक गाव होते. गावात भात उदंड पिके. तांदूळ तांबूस निघे, आणि लोक तो तसाच शिजवून समाधानाने खात.

एकदा राजाची स्वारी त्या वाटेने गेली. गावाने राजाला जेवू घातले. राजाने पानातला तांबूस भात बघितला आणि कारभाऱ्याच्या कानाशी लागून विचारले, "हे लोक तांदूळ धूत नाहीत का?"

वाढणाऱ्यांच्या कानी ते पडले. राजा पुढे गेला आणि विसरला. गाव मात्र विसरले नाही.

त्या दिवसापासून गावात तांदूळ सडण्याची, म्हणजे कांडून पांढरा करण्याची, चढाओढ लागली. उखळात घालून कांडायचे, निघालेला कोंडा पाखडून टाकायचा, पुन्हा कांडायचे, पुन्हा पाखडायचे. दाणा मोगऱ्याच्या कळीसारखा दिसेपर्यंत मुसळ थांबायचे नाही. देवीच्या उत्सवात ज्या घरचा भात सर्वांत पांढरा, त्या घराने पहिली पंगत वाढायची, असा रिवाजच पडला. तो मान बहुतेक वेळा अंबू पाटलिणीच्या घराला मिळे.

अंबूकडे तांदूळ सडायला ओढ्यापलीकडची ठकी येत असे. गावातल्या इतर मोठ्या घरांचे तांदूळही तीच सडायची. नवरा गेलेला, पदरात लहान मुले. कामाबद्दल तिला कोंडा आणि तुटकी कणी मिळे. त्याचीच भाकरी थापून ती मुलांना घाली.

"ठके, तुझी पोरं गुरांचं खातात गं," अंबू म्हणायची.

"गुरं कुरकुर करत नाहीत, पाटलीणबाई. म्हटलं, त्यांचं खाऊन पोरंही गप्प बसतील. पण कसलं काय," ठकी मुसळ न थांबवता म्हणायची, आणि दोघी हसायच्या.

अंबूला एकच मुलगा होता, रंगू. बऱ्याच नवससायासांनी झालेला. तो दिवसभर उखळापाशी घुटमळे, कारण ठकीच्या फडक्यात भाकरी असे. खरपूस, चुरचुरीत कोंड्याची भाकरी. ठकी त्याला तुकडा मोडून द्यायची आणि अंबू न बघितल्यासारखे करायची.

पण एक दिवस विहिरीवर बायकांनी अंबूला हटकले. "पहिल्या पंगतीच्या घरचं पोर कोंडा चघळतंय म्हणे. पाटलांकडे तांदूळ संपले की काय?"

अंबू घरी आली, रंगूच्या हातातला तुकडा काढून घेतला आणि गुरांपुढे टाकला. रंगू रडला. मग सवय झाली.

त्या वर्षी पावसाने मुक्कामच ठोकला. नद्या उतरेनात. बाहेरून डाळ येईना, परसातल्या भाज्या कुजल्या. गाव नुसत्या भातावर राहिले. भात काही कमी नव्हता, म्हणून कुणाला काळजीही वाटली नाही.

मग एक विचित्र रोग आला. आधी पायांना मुंग्या यायच्या. मग पाय जड व्हायचे, ओल्या पोत्यासारखे. पोटऱ्यांवर सूज चढायची, बोट दाबले की खळगा तसाच राहायचा. शेवटी छाती धापा टाकायची, आणि एखाद्या सकाळी तीही थांबायची.

रोग आधी मोठ्या घरांत शिरला. आणि एके दिवशी रंगू अंगणात पळता पळता खाली बसला. "आई, पाय कुणीतरी धरलेत," तो म्हणाला.

अंबूने खाली वाकून बघितले. पाय कुणीच धरले नव्हते.

गावचे वैद्यबुवा भले माणूस होते. त्यांनी लेप दिले, काढे दिले, शेक सांगितला. आजाऱ्याला हलके अन्न द्यावे म्हणून नुसता मऊ पांढरा भात सांगितला. कुणालाच उतार पडला नाही. शेवटी पाटलांच्या ओट्यावर गाव जमले. कुणी म्हणाले नदीचे धुके बाधले, कुणी म्हणाले देवी रागावली, कुणी म्हणाले सासूला उलटून बोलणाऱ्या सुना वाढल्या. अंबू दाराआड रंगूला मांडीवर घेऊन ऐकत होती.

वैद्यबुवा सगळ्यांचे ऐकून घेत होते. मग म्हणाले, "रोग कुणाला झाला ते आपण रोज मोजतो. कुणाला झाला नाही, ते कधी बघितलंय का?"

हे कुणी बघितले नव्हते. वैद्यबुवा छत्री घेऊन उठले आणि दारोदार फिरून आले. परत आले तेव्हा त्यांच्या कपाळावर आठ्या होत्या.

"नवल आहे," ते म्हणाले. "ओढ्यापलीकडे ठकीच्या घरात एकालाही काही नाही. पोरं चिखलात उड्या मारतायत."

दाराआड अंबूच्या जिवात जीव आला. म्हणजे या रोगातून सुटायला वाट आहे, असे तिला वाटले. ती पुढचा शब्द ऐकायला पुढे सरकली.

पण पुढचा शब्द धोंडाईचा निघाला. धोंडाई गावातली सर्वांत वयस्कर बाई होती, आणि तिचा नातू नुकताच गेला होता.

"मग सापडलं की," ती म्हणाली. "आपल्या घरातल्या एकेका दाण्याला कुणाचा हात लागतो? तिचाच. जिथे ती सडते तिथे रोग, आणि तिचं घर तेवढं धडधाकट. आणखी काय सांगायला हवं?"

"मी असं म्हटलं नाही," वैद्यबुवा म्हणाले. "तिचं घर बघायला हवं, पाणी बघायला हवं, ती काय खाते ते..."

"कोंडा खाते," कुणीतरी मागून म्हणाले. "वैद्यबुवा, आता आम्हाला औषध म्हणून कोंडा चारता की काय? दावणीला बांधून?"

सगळे हसले. इतक्या दिवसांत गाव पहिल्यांदाच हसले. वैद्यबुवाही ओशाळून हसले आणि खाली बसले. त्यांनी प्रश्न बरोबर विचारला होता. पण उत्तर गावाने दिले, आणि त्यांनी ते राहू दिले.

पाटील म्हणाले, "ठकी आमच्या घरची. घरातून काय म्हणतात ते ऐकू." सगळ्यांच्या माना दाराकडे वळल्या.

अंबूला आठवले की रंगूला पहिल्यांदा न्हाऊ घातले ते ठकीने. त्याला गोवर निघाला तेव्हा उशाशी बसून होती ती ठकी. पण मांडीवर रंगूचे पाय होते, सुजलेले, थंड. ज्याला दोष द्यावा असे कुणीतरी मिळाले, तर या पायांसाठी काहीतरी केल्यासारखे होईल, एवढेच तिला कळत होते.

"तिला गावातून जाऊ दे," अंबू म्हणाली.

ठकीला बोलावणे गेले. ती पदराने हात पुसत आली. सगळे सांगून झाल्यावर ती पाटलांकडे बघेना, वैद्यबुवांकडे बघेना, दाराकडे बघत राहिली.

"पाटलीणबाई, मी काय केलं तेवढं सांगा. पुन्हा नाही करायची."

ते कुणालाच सांगता येईना. त्यामुळे लोकांना तिचा आणखीच राग आला.

"बरं," ठकी म्हणाली. "उखळाजवळ कोंड्याचं पोतं आहे. वाटेत पोरांना होईल. नेऊ का?"

"ने बाई, ने," धोंडाई म्हणाली. "तुझा हात लागलेलं काही ठेवायचं नाही इथं."

ठकीने पोते डोक्यावर घेतले, धाकटीला कडेवर घेतले, आणि थोरल्यांना पुढे घालून ती नदीकाठाने निघून गेली.

आता गाव चिंतेतून सुटले असे सगळ्यांना वाटले. घरोघरच्या बायका स्वतः मुसळ घेऊन बसल्या. ठकीच्या हाताचा दोष दाण्याच्या सालीला लागला असेल, तर साल मुळीच उरायला नको, म्हणून त्या पूर्वीपेक्षा जास्त सडू लागल्या. तांदूळ पाणी स्वच्छ येईपर्यंत धुतले, पुन्हा धुतले. भातावरची पेजही ओतून दिली.

अंबूने सर्वांहून जास्त केले. हाताला फोड येईपर्यंत तिने कांडले. रंगूसाठी तिने जो भात शिजवला, तसा पांढरा भात त्या गावात कधी कुणी बघितला नव्हता. ती तो कुस्करून, तूप घालून, घासाघासाने त्याला भरवायची.

"आई, ठकीमावशीची भाकरी दे ना," रंगू म्हणायचा.

"ते गुरांचं असतं, सोन्या. हा बघ, हा किती छान आहे."

तो शहाण्यासारखा तोंड उघडायचा. अंबू भरवत राहायची. ताट रोज रिकामे होत होते आणि मूल रोज थोडे थोडे कमी होत होते. मग एका दुपारी घास तिच्या हातातच राहिला.

रंगू गेला, तरी रोग गेला नाही. लोक म्हणाले, ठकीने मागे काहीतरी ठेवले असणार. त्यांनी ती ज्यांत कांडायची ती उखळे फोडून टाकली आणि नवी घडवली. मग म्हणाले, वैद्यबुवा तिच्या घरी जाऊन आले होते. वैद्यबुवांच्या दारात कुणी जाईना, आणि एका सकाळी तेही गाव सोडून गेले. त्यानंतर आजारी पडले की काय होते आहे हे सांगायलाही कुणी उरले नाही. कोण करते आहे, एवढेच सगळे विचारत.

अंबूचे पायही जड झाले होते. तिला त्याचे काही वाटत नव्हते. नवरा चुलत्याकडे राहायला गेला होता. तिने मुसळ कोपऱ्यात उभे केले ते तसेच राहिले. पांढरे करायचे कुणासाठी? भूक लागली की ती कणगीतला तांदूळ जसा असेल तसा, सालीसकट शिजवायची आणि भांड्यातूनच खायची. भात तांबूस व्हायचा, राजाने नावे ठेवली होती तसा.

असे किती दिवस गेले, तिने मोजले नाहीत. एकदा ती विहिरीवरून पाणी घेऊन आली, घागर उतरवली, आणि उतरवताना तिच्या लक्षात आले की वाटेत आपण कुठेच बसलो नाही.

तिने लुगडे वर करून पोटरी दाबली. खळगा पडला नाही.

ती चुलीपाशी बसली. भांड्यात सकाळचा तांबूस भात होता. परसात तिनेच मागे भरून ठेवलेला कोंड्याचा डालगा गुरांपुढे होता. ती भाताकडे बघत राहिली, आणि एकेक गोष्ट तिच्यापुढे येत गेली. ठकीची पोरे. चिखलातल्या उड्या. आपण काढून घेतलेला तुकडा. आपल्या हातचे ते सुंदर घास. ती रडली नाही.

मग ती उठली. रंगूसाठी आता काही करता येणार नव्हते. पण समोरच्या आळीत अजून पोरे अंथरुणावर होती. ती भांडे हातात घेऊन धावत ओट्यावर आली आणि तिने सर्वांना बोलावले.

"कुणी केलेलं नाही हे," ती म्हणाली. "आपण जे पाखडून टाकतो ना, त्यातच काहीतरी आहे. सडू नका. असंच शिजवा, पोरांना घाला. माझे पाय बघा."

लोकांनी पाय बघितले. बराच वेळ बघितले.

"चांगले झालेत की," धोंडाई म्हणाली. ती आता काठी टेकून, धापा टाकत आली होती. "तुझं पोर गेलं आणि तुझे पाय बरे झाले. माझे का नाही झाले?"

कुणीतरी म्हणाले, "ठकी हिच्याच घरी सगळ्यात जास्त असायची."

अंबूने एकेकाच्या तोंडाकडे बघितले. त्या दिवशी दाराआडून आपण कसे दिसत असू, ते तिला आता दिसले. तिने भांडे पुढे केले. एक आई आजारी मुलाला घेऊन अगदी जवळ उभी होती. तिने मुलाचे तोंड पदराने झाकले आणि ती मागे सरली.

अंबू संध्याकाळच्या आत गावाबाहेर पडली. ती कुठे गेली ते कुणाला कळले नाही. ठकी तिला भेटली की नाही, तेही नाही.

गावात पुढे कितीतरी दिवस मुसळांचा आवाज येत होता. मग थोडा कमी झाला. मग एकाच घरातून येत राहिला. नद्या उतरल्या, वाटा मोकळ्या झाल्या, आणि पहिला व्यापारी बैल घेऊन आला तेव्हा घरोघरी कणग्या भरलेल्या होत्या. तांदूळ इतका पांढरा होता की त्याने ओंजळीत घेऊन उन्हात धरला. मोल ठरवायला मात्र त्याला गावात माणूस मिळाला नाही.

तात्पर्य, जो रोगाचे कारण शोधायला निघतो आणि माणूस पकडून परत येतो, त्याच्या घरात रोग तसाच राहतो.

ही गोष्ट फार जुनी आहे, असे सगळे म्हणतात. पण आमच्याच आळीत सध्या ज्या घराच्या दारावरून मुलांना जाऊ देत नाहीत, त्या घरातली मुलगी काल मला जिन्यात भेटली, आणि मी बाजूला झाले तेव्हा ती म्हणाली की... हो आई, आले, इथेच आहे, कुणाशी नाही बोलत, मी फक्त...