सत्तावन्न नंबरची खुंटी

बोटी कोळशावर चालायच्या तेव्हाची गोष्ट. समुद्रात कोळशाच्या खाणीचं एक बेट होतं. कोळसा संपला तशी माणसं होड्यांत बसून निघून गेली. कामगारांच्या चाळींची छपरं बसली, जिन्यांवर उंबर उगवले. खाणीचं लोखंडी दार मात्र उघडंच राहिलं.

खारा वारा त्याला रोज म्हणे, "मिटून घे आता. आत कुणी नाही."

"समोरची खुंट्यांची फळी बघ," दार म्हणे. "खाणीत उतरणारा माणूस आपल्या खुंटीवरचा पितळी बिल्ला घेऊन जातो आणि वर आला की परत लावतो. सगळे बिल्ले लागल्याशिवाय मी मिटत नाही. सत्तावन्न नंबरची खुंटी रिकामी आहे."

"तो माणूस कधीच गेला. बिल्ला खिशात राहिला असेल."

"असेल. पण लागला नाही ना."

गंजून एक बिजागरी गळून पडली, तरी दार दुसरीच्या आधाराने उभं राहिलं.

एक दिवस म्हातारा सुभाना नातीचा हात धरून बेटावर आला. त्याने खिशातून सत्तावन्न नंबरचा बिल्ला काढला.

"शेवटच्या दिवशी माझ्याकडेच राहिला," तो नातीला म्हणाला. "डोळे मिटायच्या आधी जागेवर लावून टाकतो."

खुंटीपाशी जाऊन त्याचा हात थांबला. त्याने उघड्या दारातून आत खाणीत पाहिलं.

"लावा ना, आजोबा."

"लावला तर मी वर आलो असं होईल," सुभाना म्हणाला. "आणि खरं सांगू का, मी अजून वर आलेलोच नाही."

बिल्ला परत खिशात गेला. होडी निघून गेली.

संध्याकाळी वारा आला, तेव्हा दार म्हणालं, "ऐकलंस ना? आत माणूस आहे."