मागचा डावा कोपरा

फार फार वर्षांपूर्वी, उगवतीकडचा समुद्र ओलांडला की लागतात त्या फिलिपिन्सच्या बेटांवर तालाहिबान नावाचं गाव होतं. त्या गावाला पाय होते, असं म्हणतात.

आता गावाला कसले पाय? तर तिथली घरं बांबूची, वर ताडपानांचं छप्पर, खाली लाकडी खांब. नदी काठ खायला लागली की शेजारीपाजारी जमायचे, घराखाली लांब वासे घालायचे आणि अख्खं घर खांद्यावर उचलून उंचावर नेऊन ठेवायचे. मजुरी कुणी मागायचं नाही. घरधनीण भात रांधायची, सगळे पोटभर जेवायचे. विंचवाचं बिऱ्हाड पाठीवर, तसं यांचं शेजाऱ्यांच्या खांद्यावर.

घराचा मागचा डावा कोपरा सगळ्यांत जड, कारण चूल तिथे. त्या कोपऱ्याला क्रिस्पुलो नावाचा गडी लागायचा. त्याच्या खांद्याला नारळाच्या करवंटीसारखा घट्टा पडला होता.

स्पेनच्या राजाविरुद्ध बंड झालं तेव्हा क्रिस्पुलो कप्तान झाला. राजाचे शिपाई गाव जाळायला निघाले, तर त्याने पहाटेच्या धुक्यात सगळी घरं एकदम उचलवली. खुडूक कोंबड्यासुद्धा अंड्यांवरून उठल्या नाहीत, असं म्हणतात. शिपाई आले तर तिथे नुसते खांबांचे खड्डे. भुताचं गाव म्हणून ते पळत सुटले.

स्पेनचा राजा गेला आणि अमेरिकेचं सैन्य आलं. लढून लढून माणसं उपाशी पडली, तेव्हा क्रिस्पुलोने तलवार खाली ठेवली. नव्या राज्यकर्त्यांनी मनिला शहरात कायदे करायची सभा मांडली. गावाने तिथे आपला कप्तान निवडून धाडला.

त्याची बायको बासिल्या काही गेली नाही. तिने विचारलं, "तिथली घरं उचलता येतात का?"

"दगडाची आहेत गं."

"मग शेजारी कशाला लागतात तिथे? तुम्ही जा. मी इथेच बरी."

सभेत बसल्यावर क्रिस्पुलोला एक गोष्ट दिसली. घर हललं की मागच्या रिकाम्या जागेत जमीनदार ऊस लावतो, आणि जागा कायमची जाते. त्याने भांडून कायदा करून घेतला, की ज्याचं घर जिथे, ती जमीन त्याची. पण खांब दगडचुन्यात बसवायचे, आणि सरकारला विचारल्याशिवाय घर हलवायचं नाही. चोराची वाट बंद केली, असं त्याला वाटलं. पहिला चुना त्याने स्वतःच्याच घराला घातला.

घर उचलताना हाळी द्यायचं काम आनासेतोचं. तो क्रिस्पुलोचा लढाईतला सोबती. तिकडे थोरल्या भावाला कूया म्हणतात. आनासेतो म्हणाला, "कूया, नदीला वाचता येतं का रे?"

सगळे हसले. क्रिस्पुलोही हसला.

मग एका पावसाळ्यात नदी गावात शिरली. माणसांनी वासे घातले, जोर लावला, पण घरं जागची हलेनात. विड्याचं पान चघळून होईस्तोवर जे घर डोंगरावर जायचं, त्याचे खांब आता कुऱ्हाडीने तोडावे लागले. लोक आधी कप्तानाच्या दारी धावले. बासिल्या म्हणाली, "आधी लेकुरवाळ्यांची घरं घ्या. ज्याने चुना घातला त्याचं शेवटी." तिचं ऐकून माणसं पुढे गेली. माणसं परत आली, तोवर चुन्यातले खांब तेवढे उभे होते. घर नव्हतं, आणि बासिल्याही नव्हती.

क्रिस्पुलो आला तो शहरी बुटांनी चिखलात उभा राहिला. आनासेतो म्हणाला, "या साहेब." त्या एका शब्दाने तो पार मोडला.

तो परत सभेत गेला, माझाच कायदा मोडा म्हणाला. सभेतले लोक गालात हसले, आणि कायदा तसाच राहिला. तेव्हा खुर्ची सोडून तो गावी आला. गाव नवी घरं उंचावर नेत होतं, सरकारला न विचारता. त्याने कोट काढला आणि मागच्या डाव्या कोपऱ्याखाली खांदा दिला. खांदा आता मऊ पडला होता. त्याला कुणी अडवलं नाही, पण हाळीही येईना. सगळे आनासेतोच्या तोंडाकडे बघत राहिले.

बऱ्याच वेळाने आनासेतो म्हणाला, "कूया, खांदा लागला का?"

"लागला."

मग घर उठलं.

त्यानंतर मरेपर्यंत तो लोकांची घरं वाहत राहिला. शेवटच्या घराच्या वेळी, असं म्हणतात, घर डोंगरावर नीट जाऊन टेकलं, कुठे कललं नाही. माणसांनी मागे वळून पाहिलं, तर क्रिस्पुलो खाली वाटेवर केव्हाचा पडलेला. मग तो कोपरा कुणी वाहिला?

तालाहिबानात अजून घर उचलतात. मागच्या डाव्या कोपऱ्याला माणूस लावत नाहीत. हाळी देणारा आधी त्या रिकाम्या जागेकडे तोंड करून विचारतो, "कूया, खांदा लागला का?" उत्तर येत नाही. तरी सगळे श्वास धरून थोडं थांबतात, आणि मगच घर उचलतात. तो कोपरा कधी कलत नाही, असं म्हणतात. नदीकाठी चुन्यातले ते खांब मात्र अजून तसेच उभे आहेत. त्यांना कुणी हात लावत नाही.