राणीचा लाडका मासा

एकदा काय झालं, हौसाराणीला नवसानं मुलगी झाली. नाव ठेवलं मैना. मैना फार नाजूक होती. मग राणी देवळामागच्या कुंडावर गेली. तिथं देवाचे मासे होते. त्यांना कुणी धरायचं नाही, नुसतं खाऊ घालायचं. राणीनं एका माशाच्या ओठात सोन्याची नथ घातली आणि म्हणाली, "देवा, हा जगेल तोवर माझी लेक जगू दे." देव म्हणाला, "बरं." देव शब्दाला पक्का असतो, बरं का.

मग राणी रोज भात घालू लागली. राणी घालते म्हटल्यावर सगळं गाव घालू लागलं. लाडू काय, लाह्या काय, दूध काय! मासे खाऊन खाऊन खाणार किती? उरलेलं तळाशी कुजलं. पाणी हिरवं झालं, मग काळं झालं, मग त्याला घाण वास सुटला.

एका पहाटे मासे वर येऊन आ वासू लागले. "भुकेलं गं माझं बाळ!" म्हणत राणीनं परातभर भात ओतला. घरी येऊन बघते तर मैनेला धाप लागलेली. दुसऱ्या पहाटे आणखी मासे वर आले. राणीनं पोतंभर लाडू ओतले. मैनेचे ओठ निळे पडले. तिसऱ्या पहाटे सगळं कुंड आ वासून होतं. राणी गाडीभर अन्न आणायला घरी धावली. वेडी माया! मला तर तिचा रागच येतो.

मैना कशीबशी बोलली, "आई, भूक नाही गं. श्वास पुरत नाही."

राणीच्या हातातली परात गळून पडली. ती तशीच कुंडावर पळाली. पांढरी पोटं वर करून मासे तरंगत होते. ती कमरेएवढ्या घाणीत उतरली. एकेक मेलेला मासा बाजूला सारत नथवाला शोधला. त्याला पोटाशी धरून ती ओढ्यावर गेली, पाणी दगडांवर आपटून फेसाळतं तिथं. त्या पाण्यात त्याला धरून बसली. बोटं बधिर झाली. मग कल्ला एकदा हलला. मग पुन्हा हलला. तिकडे मैनेनं खोल श्वास घेतला.

बाकीचे सगळे मेले, बाळांनो.

मग राणीनं कुंड उपसलं, ओढ्याचं पाणी आत वळवलं, नथवाल्याला परत त्यात सोडलं आणि खाऊ घालणं बंद केलं. लोक म्हणायचे, राणीचा हात आखडला, देवाच्या माशालाही उपाशी ठेवते. राणी ऐकून घ्यायची. मैना अंगणात पळून पळून धापा टाकायची, आणि तेवढ्यानंही राणी दचकून उठायची. पण लेक जगली, सुखात राहिली.

झोपा आता. आणि तोंडावरचं पांघरूण काढा रे, वारा लागू दे.