परतीची गाडी

एकदा एका वृद्ध वकिलांच्या दारात एक जीप येऊन उभी राहिली. गोष्ट त्या काळची, जेव्हा आमच्या जिल्ह्याच्या गावात जीप आली की शेजारीपाजारी खिडकीत येत, आणि अशिलाला चहा पाजल्याखेरीज कागदाला हात लावणे वकिलाला शोभत नसे. ते दिवस गेले. आठवले की मला अजून बरे वाटते.

जीप चालवत आले ते रंगराव. बांधाच्या भांडणात त्यांनी आपल्या विधवा वहिनीचा, तुळसाबाईंचा हात काठीने मोडला होता. खालच्या कोर्टाने कैद सुनावली होती आणि अपील या वकिलांकडे होते. मागच्या बाकावर रंगरावांच्या दोन मुलांच्या मधे अंग चोरून बसल्या होत्या त्या तुळसाबाईच. त्यांचा डावा हात कोपरात वाकडाच सांधला होता. रंगराव म्हणाले, आमचे घरातल्या घरात मिटले आहे, वहिनी राजी आहेत, तडजोडीचा अर्ज आजच देऊन टाका. तुळसाबाईंनी खाली बघत मान हलवली.

वकिलांचा शिष्य हरखला. अशा गुन्ह्यात फिर्यादी राजी असेल आणि कोर्टाने परवानगी दिली, तर आरोपी निर्दोष सुटतो. त्या उत्साही मुलाने टाइपरायटरवर कागद चढवलासुद्धा.

वृद्धांनी तो काढायला लावला. चहा झाल्यावर रंगरावांना त्यांनी जीप घेऊन परत जायला सांगितले. बाईंना मात्र शिष्याबरोबर एसटी स्टँडवर धाडले आणि बजावले की तारखेला यावेसे वाटले तर एकट्या या, एसटीने या, आणि नाही आलात तरी कोणी विचारणार नाही. रंगरावांचा चेहरा पडला. दुसरा वकील बघावा लागेल, असे पुटपुटत ते निघून गेले.

स्टँडवरून परतलेल्या शिष्याला राहवेना. दारी चालून आलेला होकार आपण माघारी का धाडला, आणि बाई आल्याच नाहीत तर आपला अशील तुरुंगात जाईल त्याचे काय, असे त्याने विचारले.

वृद्ध म्हणाले, "अरे, ती ज्या गाडीतून आली ती तिची नव्हती. इथे 'नाही' म्हणाली असती, तर घरी कोणाबरोबर गेली असती? 'नाही' म्हणून ज्याला सुखरूप घरी जाता येते, त्याच्याच 'हो'ला अर्थ असतो. रंगरावांना मला सोडवायचेच आहे. पण तिला पुन्हा एकदा मोडून नव्हे."

तारखेच्या दिवशी रंगराव आले ते याच वकिलांकडे, आणि सकाळपासून कोर्टाच्या फाटकाकडे डोळे लावून बसले. तुळसाबाई आल्या. धुळीने माखलेल्या, एकट्या. दिराकडे न बघता त्या वकिलांशी बोलल्या.

"मला भावजींना तुरुंगात धाडायचं न्हाई. मी नवी नवरी, तवा म्हायेराहून आणाया हेच यायचे बैलगाडी घिऊन. वढ्यापाशी गाडी थांबवायचे. म्हनायचे, वैनी, रडून घे, मग घरी जाऊ. ते मी इसरले न्हाई. पर गावात ह्यांनी सांगितलं, बाई आपली आपण पडली. आता सुटून आले की लोक म्हणतील, बाईच खोटी. मी पडले न्हवते, वकीलसाहेब. एवढं ह्यांनी पारावर समद्यांम्होरं सांगावं. मग मी अंगठा देते."

वकिलांनी काही सुचवले नाही. शेवटी रंगरावांनी पुढची तारीख मागून घ्यायला सांगितली, आणि त्या तारखेपूर्वी, भरल्या पारावर, खाली मान घालून जे खरे ते सांगितले. कोर्टाने मग बाईंना विचारले, स्वखुशीने आलात का? प्रश्न पुरा व्हायच्या आत त्यांनी होकार दिला.

बाहेर आल्यावर शिष्याने एसटीचे विचारले.

"कशाला? भावजींची गाडी हाय की," असे म्हणून तुळसाबाई जीपमध्ये पुढे, दिराच्या शेजारी जाऊन बसल्या.

कोर्टाच्या उतारावर ओढ्याचा पूल आहे. तिथे जीप थांबली. उतरले कोणीच नाही. रंगरावांचे डोके स्टिअरिंगवर टेकलेले वरून दिसत होते आणि वहिनींचा वाकडा हात त्यांच्या पाठीवर होता. जीप बिघडली असे वाटून शिष्य तिकडे धावू लागला. वृद्धांनी त्याला थांबवले.

"राहू दे," ते म्हणाले. "त्याला रडून घेऊ दे. मग जातील घरी."